फायलीतला माणूस: युलियान सेम्योनोव आणि त्यांचा श्टिर्लिट्स

पन्नाशी ओलांडलेल्या रशियन माणसापुढे नुसतं ‘स्वभाव नॉर्डिक’ एवढं म्हणा. पुढचं तो घडाघडा म्हणून दाखवतो: संयमी, सहकाऱ्यांशी संबंध चांगले, कर्तव्यात कसूर नाही, राइशच्या, म्हणजे नाझी राज्याच्या, शत्रूंशी निर्दय, टेनिसमध्ये बर्लिनचा विजेता, अविवाहित. हा हिटलरच्या एसएस दलातल्या श्टिर्लिट्स नावाच्या अधिकाऱ्याच्या फायलीतला शेरा आहे, आणि हा अधिकारी मुळात सोव्हिएत हेर. अधिकारी काल्पनिक, शेराही काल्पनिक. तरी तो कोट्यवधी लोकांना पाठ झाला, कारण तसलाच कागद त्यांच्या स्वतःच्या नावानंही कुठल्या तरी कपाटात होता. आपल्याकडे सरकारी नोकरीत गोपनीय अहवाल असतो, तशी सोव्हिएत माणसाची ‘खाराक्तेरीस्तिका’ असे. परदेशी जायचं असेल तर ती लागायची आणि तिच्यावर तीन सह्या लागायच्या: खात्याचा प्रमुख, पक्षाचा चिटणीस आणि कामगार संघटनेचा अध्यक्ष. बर्लिनमधल्या हेराची गोष्ट वाचताना वाचकाला आपलं ऑफिस दिसत होतं.

ही गोष्ट लिहिणारे युलियान सेम्योनोव हे सोव्हिएत काळातले सर्वाधिक वाचले गेलेले साहसकथा-लेखक आणि पटकथाकार. त्यांची कारकीर्द समजून घ्यायची तर एक शब्द धरून ठेवावा: फाइल. त्यांची माहिती फायलींतून आली, लेखनाचा आराखडा फायलीसारखा होता, आणि त्यांच्या घरावर पहिलं संकट आलं तेही एका फायलीतूनच.

जन्म ८ ऑक्टोबर १९३१, मॉस्को. मूळ आडनाव ल्यान्द्रेस. वडील सेम्योन ल्यान्द्रेस प्रकाशन व्यवसायातले. ‘इझ्वेस्तिया’ या दैनिकात बोल्शेविक नेते निकोलाय बुखारिन संपादक असताना त्यांच्या हाताखाली काम केलेले. बुखारिन यांना १९३८ मध्ये गोळी घालण्यात आली. त्यांच्याबरोबर काम केल्याचा डाग वडिलांच्या फायलीत तसाच राहिला आणि १९५२ मध्ये त्यावरूनच त्यांना अटक झाली. मुलगा तेव्हा मॉस्कोच्या प्राच्यविद्या संस्थेत शिकत होता. वडील निर्दोष आहेत अशी पत्रं त्यानं वरच्या कचेऱ्यांना पाठवली, तर संस्थेनं त्यालाच काढून टाकलं. स्तालिन १९५३ मध्ये गेले, वडील १९५४ मध्ये सुटले आणि मुलाला संस्थेत परत घेतलं. पुढे लेखक म्हणून नाव घ्यायची वेळ आली तेव्हा त्यानं वडिलांच्या ‘सेम्योन’ या नावावरूनच आडनाव केलं: सेम्योनोव.

संस्थेत त्यांचा विषय अफगाणिस्तान आणि पश्तो भाषा. नंतर मॉस्को विद्यापीठात ते पश्तो शिकवतही होते. म्हणून पहिली मोठी कादंबरी ‘राजनैतिक प्रतिनिधी’ काबूलला जाते. तिचा नायक इव्हान वित्केविच हा खरा माणूस: झारचा दूत म्हणून डिसेंबर १८३७ मध्ये काबूलला पोहोचलेला. त्याच वेळी अमीर दोस्त मोहम्मदच्या दरबारात ईस्ट इंडिया कंपनीचा दूत होता अलेक्झांडर बर्न्स, मुंबई इलाख्याच्या फौजेतला अधिकारी. वित्केविच परतल्यावर १८३९ मध्ये पीटर्सबर्गच्या एका हॉटेलात मृत सापडला आणि त्याची कागदपत्रं जळालेली होती. मागे उरलं ते एक नाव, काही तारखा आणि मधे रिकामी जागा. सेम्योनोव यांची पुढची पद्धत इथेच दिसते. कागद जिथे संपतात तिथे ते माणूस उभा करतात.

लग्नानं ते मिखाल्कोव-कोन्चालोवस्की या मोठ्या सांस्कृतिक घराण्यात गेले. सोव्हिएत राष्ट्रगीताचे शब्द लिहिणारे सेर्गेय मिखाल्कोव हे त्यांच्या पत्नी एकातेरीना यांचे सावत्र वडील. या नात्यानं दारं उघडली असतील, पण पोट भरलं ते पत्रकारितेनं. ‘ओगन्योक’, ‘प्रावदा’, ‘लितेरातूर्नाया गझेता’ यांच्यासाठी ते उत्तर ध्रुवाकडच्या तरंगत्या हिमतळांवर गेले, व्हिएतनाम आणि लाओसच्या युद्धात गेले. बातमीदाराची सवय कादंबरीत शेवटपर्यंत राहिली: तारीख, वेळ, ठिकाण, कोण उपस्थित, कोण काय बोललं.

१९६३ मध्ये ‘पेत्रोव्का, ३८’ आली. हा मॉस्को पोलिसांच्या मुख्यालयाचा पत्ता. सोव्हिएत पोलीसकथेत तोवर गुन्हेगार म्हणजे बहुधा परदेशी हस्तक किंवा जुन्या राजवटीचा अवशेष. इथे साधे मॉस्कोवासी चोऱ्या करतात, शाळकरी पोरगा टोळीच्या नादी लागतो आणि कोस्तेन्को नावाचा थकलेला, माणसासारखा दिसणारा पोलीस अधिकारी त्यांच्या मागावर असतो. हा कोस्तेन्को पुढे ‘ओगार्योवा, ६’ आणि ‘आमनेसामने’ या कादंबऱ्यांतही येतो. नुसतं पोलीसकथांवर थांबले असते तरी सेम्योनोव यांचं नाव राहिलं असतं.

पण १९६४ मध्ये वारं बदललं. रिखार्ड झोर्गे हा सोव्हिएत हेर जपानमध्ये १९४४ मध्येच फासावर गेला होता, आणि वीस वर्षं त्याच्या देशानं तो आपला असल्याचं कधी मोठ्यानं म्हटलं नव्हतं. नोव्हेंबर १९६४ मध्ये त्याला मरणोत्तर ‘सोव्हिएत संघाचा वीर’ हा किताब देण्यात आला. म्हणजे परदेशात आपले हेर होते हे आता छापता येणार होतं. १९६७ मध्ये युरी आन्द्रोपोव केजीबी या गुप्तचर खात्याचे प्रमुख झाले. स्तालिनकाळातल्या अटकांमुळे काळवंडलेल्या या खात्याचा चेहरा बदलायचा तर परदेशात शत्रूच्या गोटात राहणारा, सुशिक्षित, मोजकं बोलणारा हेर हा सोयीचा नायक होता. त्याचे हात देशातल्या माणसांच्या रक्तानं माखलेले नव्हते. सेम्योनोव यांना केजीबीनं काही दस्तऐवज पाहू दिले ते या हिशेबातून. त्यांनी ते घेतले, वापरले आणि त्याची किंमतही मोजली. ती पुढे येईलच.

आता श्टिर्लिट्स. खरं नाव व्सेवोलोद व्लादिमिरोव, क्रांतीनंतरच्या कामातलं नाव माक्सिम माक्सिमोविच इसायेव, जर्मनीतलं नाव माक्स ओट्टो फॉन श्टिर्लिट्स, हुद्दा श्टान्डार्टनफ्युहरर, म्हणजे साधारण कर्नल. बहुतेकांना वाटतं की तो ‘वसंताचे सतरा क्षण’ या गाजलेल्या कादंबरीतच जन्मला. तसं नाही. त्याची पहिली कादंबरी ‘परवलीची गरज नाही’ १९६६ ची, आणि ती घडते १९२१ च्या व्लादिवोस्तोकमध्ये, जिथे तो शत्रुपक्षाच्या वर्तमानपत्रात बातमीदार आहे. १९६७ च्या ‘मेजर विख्र’मध्ये जर्मनांनी सुरुंग पेरलेलं पोलंडचं क्राकूव शहर वाचवायची मोहीम आहे. तिथे इसायेवचा मुलगा पुढे असतो, बाप आडून येतो. ‘सतरा क्षण’ १९६९ मध्ये ‘मस्क्वा’ मासिकात आली, आणि तीत एकदम १९४५ चं बर्लिन. पुढची कादंबरी १९६७ च्या युरोपात उडी मारते. मग ‘कामगारांच्या हुकूमशाहीसाठी हिरे’मध्ये लेखक पुन्हा १९२१ मध्ये, या वेळी एस्टोनियातल्या रेव्हालला, म्हणजे आजच्या टॅलिनला. नंतर १९३८ चं स्पेन, १९४१ चं युगोस्लाविया, १९४१ चं युक्रेन. मग पुन्हा बर्लिनचा शेवट, स्पेन, आर्जेन्टिना.

हा क्रम विस्कळीत दिसतो, पण सोयीचा होता. नायकाचं आयुष्य सरळ रेषेत लिहिलं असतं तर १९३७ ची शुद्धीकरणं, म्हणजे स्तालिनकाळातली अटका आणि मृत्युदंडांची लाट, मधे आली असती, आणि त्या वर्षी मॉस्कोत इसायेवच्या वरिष्ठांचं काय झालं हे सांगावं लागलं असतं. ‘परवलीची गरज नाही’मधले सेनापती ब्ल्युखेर १९३८ मध्ये कोठडीत मेले, पक्षनेते पावेल पोस्तिशेव यांना १९३९ मध्ये गोळी घातली. दोघंही नंतर निर्दोष ठरले, म्हणून १९६६ मध्ये त्यांना कादंबरीत आणता आलं. त्यांचं मरण मात्र आणता आलं नाही. सेम्योनोव एकेका सुट्या वर्षावर उतरत गेले आणि मधली वर्षं मोकळी सोडत गेले. जाणता वाचक ती मोकळी जागा वाचत होता.

‘सतरा क्षण’ कशी बांधली आहे ते जवळून बघण्यासारखं आहे. प्रकरणांना नावं नाहीत. पहिलंच शीर्षक म्हणजे १२.२.१९४५ ही तारीख आणि कंसात १८ वाजून ३८ मिनिटं. एखाद्या पाळत-नोंदवहीचं पान उघडावं तसं. मधे मधे ‘विचारासाठी माहिती’ अशा मथळ्याचे तुकडे येतात: गोबेल्स, गोरिंग, हिमलर, बोरमान यांची चरित्रं, बहुतांशी खऱ्या कागदांवर आधारलेली. कथा थांबते, फाइल उघडते, वाचक ती वाचतो आणि कथा पुढे सरकते. गंमत अशी की या फायलींतून सोव्हिएत वाचकाला एका हुकूमशाहीची आतली यंत्रणा कळत होती: कोण कोणावर पाळत ठेवतो, टेलिफोन कसे टॅप होतात, साहेबाची मर्जी कशी ओळखायची. ही माहिती फक्त जर्मनीबद्दल आहे असं प्रत्येकजण समजत नव्हता.

शिवाय ताण कुठून आणायचा हा प्रश्न होता. युद्ध कोण जिंकलं हे वाचकाला माहीत. बर्लिन पडणार हेही माहीत. म्हणून सेम्योनोव यांनी ‘काय होणार’ हा प्रश्न बाजूला ठेवला आणि ‘हा पकडला जाणार का’ एवढाच हाती घेतला. त्याचा उत्तम नमुना म्हणजे सुटकेसचा प्रसंग.

श्टिर्लिट्सची वायरलेस-चालक कॅथ गरोदर आहे. बॉम्ब पडून तिचं घर कोसळतं. ढिगाऱ्यात ट्रान्समीटर असलेली सुटकेस सापडते, आणि तिच्यावर बोटांचे ठसे. गेस्टापोचा, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांचा, प्रमुख म्युलर ते ठसे जुळवून बघतो: श्टिर्लिट्सचे. त्याला तळघरातल्या कोठडीत बसवून म्युलर सांगतो, ही सुटकेस, हे तुझे ठसे, आता स्पष्टीकरण दे. आणि निघून जातो. इथे पिस्तूल कामाचं नाही, पळून जायला वाट नाही. श्टिर्लिट्स टेबलाशी बसून एकच काम करतो: आठवतो. तो त्या गल्लीत कधी होता? कोपऱ्यावर पोलिसांचा बंदोबस्त होता, त्यानं तिथल्या शिपायाशी बोलणं केलं होतं. आम्हा वाचक-प्रेक्षकांना ते आधी दाखवलेलंही असतं. लोक घरातलं सामान रस्त्यावर काढत होते. त्यानं एका लेकुरवाळ्या बाईला हात दिला, काही सुटकेसा उचलून बाजूला ठेवल्या. त्यात कोणती कोणाची हे कोण सांगणार? म्युलर परत आल्यावर तो हेच सांगतो आणि वर म्हणतो, त्या शिपायाला विचारा. शिपाई सापडतो, साक्ष जुळते.

या उत्तराचं बळ कशात आहे? त्यातली बहुतेक वाक्यं खरी आहेत. श्टिर्लिट्स तिथे होता, शिपायाशी बोलला होता. खोटं एका छोट्या जागेत आहे, आणि ती जागा तपासता येत नाही. चांगली सबब अशीच रचतात: तपासता येईल तितकं सगळं खरं ठेवायचं. सेम्योनोव यांच्या संपूर्ण कादंबरीचं तंत्रही हेच आहे. अॅलन डलेस खरे, एसएस जनरल कार्ल व्होल्फ खरा, स्वित्झर्लंडमधल्या त्यांच्या गुप्त भेटी खऱ्या, तारखा खऱ्या. मधे उभा असलेला एक माणूस तेवढा रचलेला.

खरा इतिहास थोडक्यात असा. व्होल्फ इटलीतल्या एसएसचा सर्वोच्च अधिकारी. ८ मार्च १९४५ ला तो झ्युरिखमध्ये अमेरिकन हेरखात्याच्या डलेस यांना भेटला. विषय, इटलीतल्या जर्मन फौजांची शरणागती. रशियाला या बोलण्यांत प्रत्यक्ष बसू दिलं नाही. २२ मार्चला सोव्हिएत परराष्ट्रमंत्री मोलोतोव यांनी कडक शब्दांत निषेध नोंदवला, एप्रिलच्या सुरुवातीला स्तालिन आणि रूझवेल्ट यांच्यात कडवट पत्रं गेली. ही पत्रं मॉस्कोत १९५७ मध्ये छापून आली होती, डलेस यांचं स्वतःचं पुस्तक १९६६ मध्ये आलं. म्हणजे कादंबरीचा कच्चा माल कुठल्याही गुप्त कपाटाशिवाय हाती येण्यासारखा होता. कादंबरीत श्टिर्लिट्स ही बोलणी मोडतो. वास्तवात ती काही काळ रखडली, पण तुटली नाहीत: २९ एप्रिलला कासेर्तामध्ये शरणागतीवर सह्या झाल्या आणि २ मेला ती अमलात आली. कादंबरी मार्चच्या अखेरीस थांबते ती उगाच नव्हे. महिनाभर पुढे गेली असती तर नायकाचा विजय उरला नसता.

काही गोष्टी मुळातच अशक्य होत्या. एसएस अधिकाऱ्याला आपली वंशावळ १७५० पर्यंत शुद्ध असल्याचं सिद्ध करावं लागे. रशियात वाढलेल्या माणसाला उसन्या नावावर त्या हुद्द्यापर्यंत पोहोचणं जमण्यासारखं नव्हतं. गेस्टापोच्या आत सोव्हिएतांचा माणूस खरोखर होता, पण तो जन्मानं जर्मन पोलीसच: विली लेहमान. १९२९ पासून तो माहिती देत होता आणि डिसेंबर १९४२ मध्ये उघडा पडून मारला गेला. श्टिर्लिट्सचं मूळ म्हणून त्याचं नाव नेहमी घेतलं जातं. साम्य फक्त टेबल-खुर्चीचं आहे, आयुष्याचं नाही.

कादंबरी पडद्यावर येण्याचा मार्ग सोव्हिएत व्यवस्थेत लांबचा होता, आणि सेम्योनोव तो इतरांपेक्षा चांगला ओळखून होते. आधी मासिकात छापायचं, कारण मासिकात आलेल्या मजकुराला ‘ग्लावलित’ या सेन्सॉर खात्याची मंजुरी आपोआप मिळालेली असे. मग पुस्तक. मानधनाचा हिशेब ‘लेखकीय तावा’वर: एक ताव म्हणजे ४०,००० अक्षरं, विरामचिन्हं आणि शब्दांमधल्या मोकळ्या जागा धरून. तावाचा दर प्रकारानुसार ठरलेला, आणि छापल्या जाणाऱ्या प्रतींच्या संख्येनुसार एकूण मानधन वाढत जाई. पुस्तक किती विकलं याच्याशी थेट संबंध नव्हता. प्रकाशनगृहानं किती प्रतींचा निर्णय घेतला याच्याशी होता. त्यानंतर पटकथा. ती आधी स्टुडिओच्या पटकथा-मंडळापुढे, मग चित्रपट असेल तर गोसकिनो या सरकारी चित्रपट खात्याकडे आणि मालिका असेल तर गोसतेलेरादियो या सरकारी दूरचित्रवाणी खात्याकडे. विषय हेरगिरीचा असेल तर केजीबीचे सल्लागार वेगळे. ‘सतरा क्षण’च्या श्रेयनामावलीत मुख्य सल्लागार म्हणून ‘कर्नल-जनरल एस. के. मिशिन’ असं नाव दिसतं. ते टोपणनाव, खरे गृहस्थ केजीबीचे उपप्रमुख सेम्योन त्स्विगुन.

ही पटकथा आधी लेनिनग्राडच्या लेनफिल्म स्टुडिओकडे गेली होती. दिग्दर्शिका तात्याना लिओझ्नोवा यांनी कादंबरी वाचली आणि ती मीच करणार म्हणून हट्ट धरला. सेम्योनोव यांनी ती लेनफिल्मकडून मागे घेऊन मॉस्कोच्या गोर्की स्टुडिओत त्यांच्या हवाली केली. पटकथाकार म्हणून श्रेय एकट्या सेम्योनोव यांचं आहे. पण चित्रीकरणाच्या पटकथेवर लिओझ्नोवांनी फार मोठं काम केलं, दृश्यं बदलली, नवी घातली, आणि मालिका बघताना हे विसरू नये. सर्वांत गाजलेला प्रसंग, ‘एलेफान्ट’ कॅफेत श्टिर्लिट्सला मायदेशी राहिलेली बायको लांबून दाखवतात तो, कादंबरीत नाही. काही मिनिटं कोणी एक शब्द बोलत नाही. तो एका टेबलाशी, ती दुसऱ्या, मधे सोबत आलेला माणूस. संगीतकार मिकाएल तारिवेर्दियेव यांचा पियानो तेवढा वाजतो. ती उठून जाते. लेखकाला हे कागदावर जमलं नसतं, कारण सेम्योनोव यांचं बळ संवादात होतं.

दुसरी अडचण मोठी होती. श्टिर्लिट्स बहुतेक वेळ विचार करतो, आणि विचार पडद्यावर कसा दाखवायचा? उपाय म्हणून निवेदक आणला: एफिम कोपेल्यान यांचा खोल, सावकाश आवाज. कॅमेरा श्टिर्लिट्स झालेल्या व्याचेस्लाव तिखोनोव यांच्या चेहऱ्यावर स्थिर, आणि आवाज त्यांच्या मनातलं सांगतो. कादंबरीतल्या ‘विचारासाठी माहिती’च्या फायलीही त्याच आवाजात वाचल्या जातात. म्हणून १२ भागांची, जेमतेम गोळीबार असलेली, सारी कृष्णधवल मालिका रटाळ होत नाही. लिओनिद ब्रोनेवोय यांचा म्युलर हा दुसरा आधार. तो मिश्कील आहे, मान आखडल्यासारखी झटकतो, आणि त्याची भीती वाटते ती त्याच्या हुशारीमुळे. शत्रू मूर्ख दाखवायचा नाही ही सेम्योनोव यांची अट होती म्हणायला हरकत नाही. त्यांच्या सगळ्या चांगल्या पुस्तकांत ती पाळलेली दिसते.

बाहेरची दृश्यं पूर्व बर्लिनमध्ये घेतली, पण बर्नची ‘फुलांची गल्ली’ ही प्रत्यक्षात रीगामधली यौनिएला गल्ली. श्टिर्लिट्सनं स्वित्झर्लंडमधल्या बर्नला धाडलेल्या प्राध्यापक प्लाइश्नरचा घात तिथेच होतो. ठरलेली खूण साधी: खिडकीत फूल दिसलं तर आत जायचं नाही. बर्लिनच्या धास्तीतून सुटलेला हा म्हातारा स्वित्झर्लंडच्या मोकळ्या हवेत इतका हरखतो की वर बघतो आणि फूल बघतच नाही. कटाची आखणी निर्दोष होती. चुकला तो माणूस, आणि तोही आनंदानं. इतकं खरं अपयश हेरकथांत फार कमी सापडतं.

मालिका ११ ऑगस्ट १९७३ ला सुरू झाली आणि २४ तारखेला संपली. त्या संध्याकाळी रस्ते ओस पडायचे असं सांगतात. लवकरच श्टिर्लिट्सवरचे विनोद फिरू लागले. त्यांतला एक: श्टिर्लिट्स बर्लिनच्या रस्त्यानं चालला होता. तो सोव्हिएत हेर असल्याचं काहीतरी जाणवत होतं. करारी चेहऱ्यामुळे असेल, नाहीतर मागे फरफटत येणाऱ्या पॅराशूटमुळे. हे विनोद कोपेल्यान यांच्याच संथ लयीत सांगायचे असतात, नाहीतर रंगत नाहीत. नायकाला लोकांनी घरातला करून घेतलं होतं.

पुढचा टप्पा समकालीन हेरगिरीचा. ‘तासला जाहीर करण्याचा अधिकार देण्यात आला आहे’ ही १९७९ ची कादंबरी. तास म्हणजे सरकारी वृत्तसंस्था, आणि हे वाक्य म्हणजे तिच्या अधिकृत निवेदनांची ठरलेली सुरुवात. मूळ प्रकरण अलेक्सान्द्र ओगोरोदनिक याचं. कोलंबियातल्या सोव्हिएत वकिलातीत असताना सीआयएनं त्याला फितवलं, मग तो मॉस्कोत परराष्ट्र खात्यात आला. १९७७ मध्ये पकडला गेला तेव्हा पेनात लपवलेलं विष घेऊन मेला. पुढच्याच महिन्यात मॉस्कोच्या एका रेल्वेपुलावर त्याच्यासाठी सामान ठेवायला आलेली सीआयएची अधिकारी मार्था पीटरसन पकडली गेली. सेम्योनोव यांनी यात नागोनिया नावाचा एक काल्पनिक आफ्रिकी देश घातला. १९८४ मध्ये व्लादिमिर फोकिन यांनी त्याची १० भागांची मालिका केली. तिखोनोव यांनी या वेळी केजीबीचा जनरल साकारला.

इथे मात्र किंमत दिसू लागते. फाइल जिवंत खात्याकडून, तिही त्याच्या विजयाची, आणि लेखकाला त्या खात्यावर प्रश्न विचारायची मुभा नाही. म्हणून केजीबीची माणसं सगळी चोख, सुसंस्कृत, न चुकणारी. प्लाइश्नरसारखा चुकणारा माणूस त्यांच्यात नाही. कथा वेगवान आहे, पण सुटकेसच्या प्रसंगातली धडधड तिच्यात येत नाही. ‘विस्तार’ या तीन खंडांच्या कादंबरीत उलटा दोष आहे: युद्धानंतरच्या स्पेन-आर्जेन्टिनाबद्दल इतके कागद गोळा झालेत की पात्रं एकमेकांशी बोलण्याऐवजी माहिती वाचून दाखवतात. फायलीवर उभा राहिलेला लेखक फायलीखाली दबतोही.

कोस्तेन्कोच्या बाबतीत तसं झालं नाही. ‘आमनेसामने’वर सेम्योन अरानोविच यांनी १९८५ मध्ये लेनफिल्मसाठी ६ भाग केले, कोस्तेन्कोच्या भूमिकेत ओलेग बासिलाश्विली. एका खुनाचा धागा युद्धकाळातल्या फितुरापर्यंत जातो. जुने माहितीपट, दुकानातली रांग, पावसाळी बंदर, दमलेले पोलीस. सेम्योनोव यांच्या लेखनावरचं आमच्या मते ‘सतरा क्षण’नंतरचं सर्वांत चांगलं काम.

लेखनाबाहेरही ते कागदांच्या मागेच होते. १९७४ मध्ये माद्रिदला जाऊन त्यांनी ओट्टो स्कोर्झेनीची मुलाखत घेतली, मुसोलिनीला सोडवणाऱ्या एसएस अधिकाऱ्याची. वर्षभरात तो वारला. हिटलरचा मंत्री अल्बर्ट श्पेअर यालाही ते भेटले. नाझींनी पळवलेली रशियन कला, विशेषतः हरवलेली अंबर खोली, म्हणजे तृणमण्यांनी मढवलेलं दालन, शोधण्यासाठी त्यांनी जर्मन शोधक गेओर्ग श्टाइन आणि लिश्टेनश्टाइनचे बॅरन फाल्त्स-फाइन यांच्यासोबत वर्षं घालवली. खोली सापडली नाही. त्या शोधाचं ‘समोरासमोर’ हे पुस्तक झालं. गायक शाल्यापिन यांच्या अस्थी १९८४ मध्ये पॅरिसहून मॉस्कोला आल्या, त्यामागच्या खटपटीतही ते होते.

१९८९ मध्ये त्यांनी ‘सोवेर्शेन्नो सेक्रेत्नो’ हे नियतकालिक काढलं. अर्थ: ‘अत्यंत गोपनीय’. फायलींवर मारायचा शिक्का त्यांनी मथळा म्हणून वापरला, आणि आत छापलं ते इतकी वर्षं त्या शिक्क्याखाली दडलेलं. सरकारी मालकीची नसलेली पहिली काही नियतकालिकं त्या वर्षांत निघाली, त्यांतलं हे एक. जोडीला ‘डिटेक्टिव्ह आणि राजकारण’ हे दुसरं नियतकालिक.

या दुसऱ्या नियतकालिकात १९९० मध्ये श्टिर्लिट्सची शेवटची कादंबरी आली: ‘निराशा’. युद्धानंतर दोन वर्षांनी इसायेव मायदेशी परततो आणि बोटीवरून थेट कोठडीत. समोर टेबल, टेबलावर त्याची स्वतःची फाइल, आणि चौकशी करणारा त्याच्याच भाषेत बोलणारा. म्युलरपुढे जे उत्तर चाललं ते इथे चालत नाही, कारण इथे कोणाला शिपायाची साक्ष नको असते. जबाब आधीच लिहून तयार असतो, फक्त सही हवी असते. चोवीस वर्षं मोकळी सोडलेली जागा सेम्योनोव यांनी अखेर भरली. १९५२ मध्ये सेम्योन ल्यान्द्रेस ज्या खोलीत बसले होते, तिथे त्यांनी आपल्या नायकाला नेऊन बसवलं.

नव्यानं वाचणाऱ्यानं नायकाच्या आयुष्याच्या क्रमानं न जाता लेखनाच्या क्रमानं जावं: ‘परवलीची गरज नाही’, मग ‘सतरा क्षण’, जमल्यास मालिका, आणि थेट ‘निराशा’. मधली पुस्तकं नंतर.

मे १९९० मध्ये सेम्योनोव यांना पक्षाघाताचा झटका आला. त्यानंतर त्यांना लिहिता आलं नाही. १५ सप्टेंबर १९९३ ला मॉस्कोत ते गेले, आणि त्यांची रक्षा काळ्या समुद्रात सोडली. क्रायमियात, ओलिवा गावात, त्यांचं लिहायचं घर आता संग्रहालय आहे.